मोहाला बांधलेली माणसं

आमच्या पाड्याच्या वेशीवरचं मोहाचं झाड खणून काढायला पाड्यातलीच माणसं लागली. त्यात मीही होतो. मोखाड्याकडे जाणारा रस्ता रुंद करायचा होता. मधे येणारी बाकीची झाडं कापली, मोह मात्र कापला नाही. ठाण्यातल्या एका बिल्डरला आपल्या नव्या सोसायटीत जुनं, मोठं झाड हवं होतं. मोठ्या शहरात आता असंही करतात, हे मला तेव्हा कळलं. रोप लावून वाट बघायला तिकडं कुणाला वेळ नसतो.

श्रावण चालू होता, माती मऊ होती. बिल्डरच्या सुपरवायझरने सांगितलं तसा आम्ही खोडाभोवती गोल चर खणला, लांबची मुळं करवतीने तोडली आणि उरलेला मातीचा गोळा गोणपाटात आवळून बांधला. मग फांद्या छाटायला घेतल्या. खालची एक फांदी ठेवा, असं मी म्हणालो. मला माणसांसमोर बोलायला जमत नाही. सातवीत शाळा सुटली, त्याचं अर्धं कारण तेच होतं. पण त्या दिवशी मी पुन्हा पुन्हा बोललो.

"त्या फांदीला काय सोनं लागलंय का, सोम्या?" सुपरवायझर म्हणाला.

"गाठी आहेत, साहेब."

गाठी म्हणजे काय ते सांगतो. भात-नागली घरात आली, दिवाळी झाली, की आमच्याकडची माणसं जगायला जातात. वीटभट्टीवर, रेतीवर, बांधकामावर. कामाला जातो असं आम्ही म्हणत नाही, जगायला जातो म्हणतो. निघताना जो तो वाखाची एक दोरी मोहाच्या त्या खालच्या फांदीला बांधतो. परत आला की आधी आपली गाठ आपल्या हाताने सोडायची, मगच घराचा उंबरा ओलांडायचा. दुसऱ्याची गाठ कुणी सोडत नाही. आईसुद्धा लेकराची सोडत नाही. पाड्यातला सगळ्यात म्हातारा माणूस वामनबाबा. तो म्हणायचा, माणूस जगायला जातो तेव्हा थोडा इथंच राहतो, तो राहिलेला थोडा कुठंतरी बांधून ठेवायला नको का?

पावसाच्या तोंडावर सगळे परत आले होते, आपापल्या गाठी सोडून भाताच्या आवणीला लागले होते. फांदीवर उरल्या होत्या तीनच. एक तुकाची. तो रेती काढायला खाडीवर गेला आणि होडीबरोबर बुडाला, त्याला तिकडंच जाळलं. दुसरी फागीमावशीची. ती भट्टीवर तापाने गेली. तिसरी माझ्या मोठ्या भावाची, चंदूची.

चंदू बांधकामाला गेला आणि चार पावसाळे झाले तरी परत आला नाही. फोन लागेना. ज्यांच्याबरोबर गेला ते म्हणाले, मधेच दुसऱ्या मुकादमाबरोबर निघून गेला. तो आहे की नाही, एवढंही आम्हाला कुणी सांगू शकलं नाही. आई दर आठवड्याला वेशीवर जाऊन गाठ बघून यायची. "गाठ हाय तवर पोर हाय," म्हणायची. बापाने याच घोरात अंथरूण धरलं आणि तो गेला. मग घरात मी आणि आई.

म्हणूनच मोह जाणार म्हटल्यावर आई मला म्हणाली, "झाड जाईल तिकडं तू जा. काम देतात ते कर. पण गाठीवर डोळा ठेव. चंदू आला तर त्याला सांगाया कुणी पायजे, तुझी गाठ इथं आणली म्हणून."

ट्रेलर निघायच्या आधी मीही एक दोरी काढली आणि फांदीला बांधली. सवयीनंच. वामनबाबा बघत उभा होता, तो खो खो हसायला लागला.

"अरं येड्या, जे झाड तुझ्यासंगंच चाललंय, त्याला काय बांधतोस?"

सगळे हसले. मला लाज वाटली. पण बांधलेली गाठ निघण्याआधी सोडायची नसते, म्हणून तशीच राहू दिली.

जव्हारचा घाट उतरताना मी ट्रेलरवर मोहाशेजारी बसलो होतो. आडवं झालेलं झाड मी पहिल्यांदाच इतक्या जवळून बघत होतो. छाटलेल्या फांद्यांमधून पांढरा चीक गळत होता.

सोसायटीत पोचलो तेव्हा कळलं की मोहाला जमीन नाहीच. खाली दोन मजले गाड्यांचे, त्यांच्या छतावर छातीएवढी माती टाकून बाग केलेली. आमच्या वेशीवर ज्याची मुळं कुठवर गेली होती ते कुणालाच ठाऊक नव्हतं, त्याला इथं हौदात उभं केलं. चारी बाजूंनी लोखंडी टेकू लावले. बागेच्या कामाला मला ठेवून घेतलं आणि मोहाला जगवण्याची जबाबदारी माझ्यावर टाकली.

जगवायचं कसं? नळाला कुलूप, किल्ली ऑफिसात, ऑफिस दहानंतर उघडणार. बुंध्याला श्वास घ्यायला जागा ठेवा म्हणालो, तर दुसऱ्याच दिवशी पेव्हर ब्लॉक अगदी खोडाला चिकटवून बसवले. मी ते रात्री उचकटले. सकाळी ओरडा खाल्ला, ब्लॉक पुन्हा बसवले. खोडात खिळे ठोकून दिव्यांच्या माळा लावल्या. कुत्रं फिरवायला येणारी एक बाई रोज विचारायची, "हे असंच बोडकं राहणार का? दारात वाळकं झाड चांगलं नसतं." मी "नाही मॅडम" म्हणायचो. त्याच्यापुढं काय बोलायचं ते मला खोलीवर गेल्यावर सुचायचं.

गेटवरचा वॉचमन एवढाच माझ्याशी नीट बोलायचा. "पेड को दिन में दो बार नहलाता है, खुद कब नहाएगा?" असं म्हणून हसायचा.

गणपती होऊन गेल्यानंतरची गोष्ट. दिवेलागणीची वेळ होती. मी पाइप गुंडाळून ठेवून मोहाकडे गेलो, तर फांदीवरची एक गाठ सुटली होती. तुटली नव्हती, सुटली होती. वाख उलगडून खाली पडला होता. उचलला तर ओला. वास घेतला तर खारट, कुजक्या चिखलाचा.

मी वॉचमनला विचारलं, इथं कोण आलं होतं?

"तेरे गाँव का कोई था ना? बोला, सोम्या के यहाँ का हूँ." त्याने माझ्या हातातल्या ओल्या वाखाकडे बघितलं. "भीगा हुआ था पूरा. मैंने पूछा, बारिश तो है नहीं... सीधा पेड के पास गया."

त्या रात्री मी आईला फोन केला. मी काही बोलायच्या आत तीच हळू आवाजात म्हणाली, "सोम्या, तुकाच्या घरी काय तरी झालंय रं. सांजच्याला दार आपसूक उघडलं. उंबऱ्यावरून आत ओली पावलं गेलीत. आत गेलीत... भायेर आली नाय. त्याची बायको रडत पण नाय. दोन ताटं वाढून बसलीय."

मी फोन ठेवला आणि खोलीचं दार लावून घेतलं. पण खरी भीती तुकाची नव्हती. जे परत येतात ते गाठ सोडतात. तुका आला, म्हणजे मेलेलेही येतात. मग एखाद्या संध्याकाळी चंदूची गाठ सुटलेली दिसली तर मी आईला काय सांगू? पोरगा आला म्हणून सांगू, की गेला म्हणून?

तेव्हापासून ऊन कललं की मी मोहाखालून हलायचो नाही. सुपरवायझर म्हणायचा, बाकीची बाग वाळते आहे आणि तू इथं काय राखण करतोस? मी काय सांगणार? चंदूच्या गाठीकडे बघत बसायचो. ती त्याच्यासारखीच होती, घाईची, वाकडी, पण घट्ट.

आणि एका संध्याकाळी मला धुराचा वास आला. भट्टीचा, कच्ची वीट आणि तूस जळतं त्याचा. सोसायटीत सगळीकडे दिवे लागले होते, पोरं सायकली फिरवत होती. मी वाकून ब्लॉकच्या फटींतली माती सैल करत होतो. फांदीपलीकडे दोन पाय दिसले. अनवाणी, घोट्यापर्यंत राखेने पांढरे. वर बघायचं धाडस मला झालं नाही. फांदीवर नखं फिरत होती, हळूहळू, अंधारात काडेपेटी चाचपावी तशी.

"माझी कुठली रं...?"

आवाज मी ओळखला. लहानपणी तिच्या खांद्यावर बसून मी मोखाड्याच्या बाजाराला गेलो होतो.

"फागीमावशी..." मी वाकूनच म्हणालो. "टोकाकडली. टोकाकडली तुझी."

नखं तिकडे सरकली. वाख उलगडल्याचा बारीक, कोरडा आवाज. कितीतरी वेळ तो चालला होता. मला वाटलं, आता ती जाईल आणि मला पुन्हा कधी विचारता येणार नाही.

"मावशी... चंदू हाय का तिकडं? तुमच्यात?"

आवाज थांबला. पोरांच्या सायकलींच्या घंट्याही ऐकू येईनाशा झाल्या.

"नाय," ती म्हणाली. "चंदू आमच्यात नाय."

दोरी माझ्या हातावर पडली. गरम होती. पाय नव्हते.

मी आईला फोन करून सांगितलं, चंदू जिवंत आहे. कुणी सांगितलं, तिने विचारलं. मी खरं ते सांगितलं.  आई म्हणाली, "फागी कधी खोटं बोलली नाय." आणि रडायला लागली. चार पावसाळ्यांत ती पहिल्यांदा रडली.

आता सगळं त्या एका फांदीवर होतं. चंदू येणार होता, जिता येणार होता. त्याने यावं, गाठ सोडावी आणि घरी जावं, एवढंच. मोहालाही जणू कळलं होतं. छाटलेल्या जागी तांबूस पालवी फुटली. कुत्रेवाली बाई म्हणाली, "अरे वा, लागलं की!" त्या दिवशी मी तिच्याकडे बघून हसलोसुद्धा.

दसऱ्याला बागेचं उद्घाटन ठरलं. आदल्या दिवशी सकाळी सुपरवायझरने मला खताच्या गोण्या आणायला टेम्पोबरोबर पाठवलं. मी म्हणालो, दुसऱ्या कुणाला पाठवा. तो म्हणाला, काम सोडायचंय का? मी गेलो. दुपारी परतलो तर मोहाखाली मांडव घालत होते आणि खालची फांदी नव्हती. खोडावर ताजा, ओला, पांढरा घाव होता. चीक ओघळून पेव्हर ब्लॉकवर आला होता.

"डोक्याला लागत होती पाहुण्यांच्या," सुपरवायझर म्हणाला.

"तिच्यावर दोऱ्या होत्या..."

"त्या घाण चिंध्या? गेल्या सगळ्या मशीनमध्ये."

ते मशीन मी पाहिलं होतं. एका बाजूने फांदी घालायची, दुसऱ्या बाजूने भुगा उडतो. मी धावत गेलो. भुग्याचा ढीग अजून गरम होता. मी दोन्ही हातांनी तो उपसायला लागलो. साल, पाला, लाकूड, वाख, सगळं एक झालेलं. चंदूची गाठ, माझी गाठ, काही म्हणता काही ओळखू येईना. सुपरवायझर मागे उभा राहून म्हणाला, "वेडा झालास का रे? दोरीच हवी तर नवी देतो." मला त्याच्या अंगावर जावंसं वाटलं. गेलो नाही.  भुग्यात गुडघे टेकून बसून राहिलो. इतका राग आणि इतका निरुपयोगी राग मला आयुष्यात कधी आला नव्हता.

तेवढ्यात फोन वाजला.

"सोम्या! चंदू आलाय रं!" आई ओरडतच होती. "आत्ता. दुपारचा. वेशीवरनं चालत आला. वाळलाय, पण चंदूच हाय, मी हात लावला, अंग गरम हाय त्याचं!"

"आई... घरात आहे?"

"अंगणात हाय. आत ये म्हणलं तर येत नाय. गाठ सोडायचीय म्हणतो. मोहाचा खड्डा बघून आला. तू त्याची दोरी घेऊन ये लवकर, पोर कधीचा उभाच हाय."

मी भुग्याची एक पिशवी भरून घेतली. दुसरं काय घेणार? जव्हारची एसटी दुसऱ्या दिवशी सकाळीच मिळाली, पुढं जीप. जीपमध्ये लोक दसऱ्याची आपट्याची पानं, झेंडू घेऊन बसले होते. कुणीतरी विचारलं, पिशवीत काय? मी म्हणालो, खत.

पाड्यात पोचलो तेव्हा दुपार होत आली होती. अंगणात माणसं जमली होती, पण जरा लांब उभी. मधे चंदू होता. तोच उंच, खांदे पाडून उभं राहण्याची तीच सवय. मला वाटलं होतं मी त्याला मिठी मारीन. जवळ गेलो आणि हात उचललाच गेला नाही. तो माझ्याकडे बघत होता, ओळखत होता, पण पापणी फार सावकाश लवत होती.

"कठं होतास रं दादा?"

त्याने नजर माझ्या हातातल्या पिशवीवर आणली.

मी पिशवी त्याच्यापुढं उपडी केली. त्याने भुग्याकडे बघितलं. मग नजर वळवून वेशीकडे, जिथं मोह असायचा तिकडं बघत राहिला.

"कापलेली गाठ सुटत नाय," वामनबाबा मागून म्हणाला. हसत नव्हता. "कालपासनं आम्ही ओढून बघतोय. चार गडी लावलं. ढिम्म हालत नाय."

"बसतो तरी का?"

"बसत नाय. खात नाय. रातभर असाच."

तुकाच्या घराचं दार उघडं होतं, आतून भाकरी थापल्याचा आवाज येत होता. तुका घरात पोचला होता. फागीही पोचली असेल. मेलेली माणसं आपापल्या घरी गेली आणि माझा जिता भाऊ दारात अडकला. मला रडू येत नव्हतं, नुसता संताप येत होता. कुणावर ते कळत नव्हतं.

आई दारातून माझ्याकडे बघत होती. केस सुटलेले, हातात पाण्याचा तांब्या. ती म्हणाली, "तू तिकडं झाडं हालवतोस ना रं? जितं झाड उपटून नेता तुम्ही. मग माझ्या पोराला हालव की! एवढा उंबरा ओलांडून दे."

मी चंदूच्या पायाशी बसलो. हाताने त्याच्या टाचेभोवतीची माती बाजूला करू लागलो. अंगण शेणाने सारवलेलं, टणक. पण त्याच्या पायाजवळ माती मऊ होती, नुकतंच पाणी दिल्यासारखी. मी बोटं आत घातली. टाच हाताला लागली. तिच्या कडेने बोटं खाली नेली. टाच संपेना. मनगटापर्यंत हात आत गेला तरी टाच संपेना. खाली ती बारीक होत गेली होती आणि गार होती. तिला आणखी फाटे फुटले होते.

मी हात बाहेर काढला. माती परत भरली, आणि सवयीनंच दोन्ही तळव्यांनी दाबून बसवली.

"काय रं? काय झालं?" आई विचारत होती. "हालतोय का?"

"पाणी दे, आई," मी म्हणालो.

"आत ये आन् घे. कालपासनं तू बी काय खाल्लं नसंल."

"येतो," मी म्हणालो आणि उठून उभा राहिलो. दार दहा पावलांवर होतं. आई बाजूला सरली, मला वाट दिली. मी उजवा पाय उचलायला गेलो. दुखलं नाही, कुणी धरल्यासारखंही वाटलं नाही. पाय नुसता उचलला गेला नाही. डावा उचलायला बघितला, तोही तसाच. माणसं माझ्याकडे बघत होती. वामनबाबा हळूच दोन पावलं मागे सरकला.

"ये की रं," आई म्हणाली.

"येतो... येतो, आई."

बाजूला काहीतरी हललं. चंदूने मान वळवली होती. आल्यापासून तो कुणाशीही धड बोलला नव्हता. त्याचा आवाज कोरडा होता, पण माया तीच, लहानपणी मला सावलीच्या बाजूला चालवायचा तेव्हाची.

"तिथं कशाला उभा राहिलास, सोम्या?" तो म्हणाला. "तिथं चैतात दिवसभर ऊन येतं."